चव्वेचाळीस नंबरची जर्सी

१ जानेवारी १९६०. अमेरिकेतील डॅलस शहरात कॉटन बाऊलचा सामना रंगला होता. न्यूयॉर्क राज्यातून आलेल्या सिराक्यूज विद्यापीठाच्या संघाने टेक्सास विद्यापीठाला त्यांच्याच राज्यात, २३-१४ असे नमविले आणि मोसमातील अकरावा विजय नोंदविला. पराभव एकही नव्हता. सामन्याच्या प्रारंभीच सहकाऱ्याने फेकलेला चेंडू झेलून गोलरेषेपर्यंत धाव घेणारा, ८७ यार्डांच्या त्या चालीने प्रेक्षकांना स्तिमित करणारा खेळाडू होता वीस वर्षांचा एर्नी डेव्हिस. सामन्यापूर्वी मांडीचा स्नायू दुखावलेला असूनही त्याने दोन टचडाऊन केले आणि सर्वोत्तम खेळाडूचा मान पटकाविला. मात्र त्यानंतरच्या मेजवानीत त्याला पुरस्कार स्वीकारून निघून जावे लागणार होते. तो कृष्णवर्णीय होता आणि डॅलसमधील ते सभागृह वर्णभेद पाळणारे होते. संघातील अन्य कृष्णवर्णीय खेळाडूंनाही तोच नियम लागू होता. मैदानावरही टेक्सासच्या काही खेळाडूंनी वर्णावरून शिवीगाळ केल्याचा आरोप झाला होता आणि मध्यंतरापूर्वी हाणामारीही झाली होती. ज्या संघाला देशाचा विजेता म्हणून गौरविले गेले, त्यातील सर्वोत्तम खेळाडूला त्याच रात्री हे ऐकावे लागले.

एर्नीचा जन्म १४ डिसेंबर १९३९ रोजी पेनसिल्व्हेनियातील न्यू सेलम येथे झाला. जन्मापूर्वीच वडील अपघातात दगावले. युनियनटाऊन या कोळसा खाणींच्या परिसरातील गावात आजी-आजोबांनी त्याला वाढविले. बालपणी तो बोलताना अडखळत असे. खेळताना मात्र अडखळण्याचा प्रश्नच नव्हता. बाराव्या वर्षी तो आईकडे, न्यूयॉर्क राज्यातील एल्मायरा येथे आला. तेथील शाळेत त्याने बास्केटबॉल आणि फुटबॉल दोन्ही गाजविले. पुढे ‘एल्मायरा एक्स्प्रेस’ हे बिरुद त्याला कायमचे चिकटले. अनेक विद्यापीठे त्याच्यासाठी उत्सुक होती. अखेर सिराक्यूजचाच माजी खेळाडू आणि तोवर व्यावसायिक फुटबॉलमध्ये अफाट कीर्ती मिळविलेला जिम ब्राऊन याने त्याची भेट घेतली आणि निर्णय झाला. ब्राऊनने विद्यापीठात घातलेली ४४ क्रमांकाची जर्सी डेव्हिसला मिळाली.

अमेरिकन फुटबॉलमध्ये, नावात ‘फुट’ असले तरी, पायाचा चेंडूशी संबंध थोडाच येतो. लंबगोल चेंडू हातात धरून प्रतिस्पर्ध्यांच्या भिंतीतून वाट काढायची, शंभर यार्डांच्या मैदानावर इंचाइंचाने पुढे सरकायचे, असा हा धसमुसळा खेळ. डेव्हिस हाफबॅक होता. चेंडू घेऊन धावणे हे त्याचे मुख्य काम. त्या काळी खेळाडू बदलण्यावर निर्बंध असल्याने त्याच खेळाडूंना आक्रमण आणि बचाव दोन्ही करावे लागे. प्रथम वर्षाच्या विद्यार्थ्यांना मुख्य संघात खेळता येत नसे. त्यामुळे १९५९ चा मोसम हा डेव्हिसचा पहिलाच. प्रशिक्षक होते बेन श्वार्ट्झवॉल्डर. दुसऱ्या महायुद्धात नॉर्मंडीच्या भूमीवर हवाई छत्रीने उतरलेला हा कडक शिस्तीचा गृहस्थ. त्यांच्या संघाने त्या वर्षी जे केले ते आकड्यांतच पाहावे. साखळीतील दहा सामन्यांत ३९० गुण मिळविले, दिले अवघे ५९. कोलगेटला ७१-०, बोस्टन विद्यापीठाला ४६-०, वेस्ट व्हर्जिनियाला ४४-० अशी धूळ चारली; पाच संघांना तर गुणांचे खातेही उघडता आले नाही. दम निघाला तो पेन स्टेटविरुद्ध, आणि तिथेही विजय २०-१८ असा निसटताच का होईना, पण सिराक्यूजचाच. डेव्हिसने पहिल्याच मोसमात ६८६ यार्ड धाव घेतली. सिराक्यूजचे हे राष्ट्रीय अजिंक्यपद, फुटबॉलमधील त्यांचे आजवरचे एकमेव.

पुढच्या दोन वर्षांत त्याने ब्राऊनचे विद्यापीठातील विक्रमही मागे टाकले. डिसेंबर १९६१ मध्ये महाविद्यालयीन फुटबॉलमधील सर्वोच्च समजली जाणारी हाईसमन ट्रॉफी त्याला मिळाली. हा मान मिळविणारा तो पहिला कृष्णवर्णीय. त्या वेळी न्यूयॉर्कमध्येच असलेले अध्यक्ष जॉन केनेडी यांनी त्याला आवर्जून भेटीस बोलाविले. व्यावसायिक संघांच्या निवडीत वॉशिंग्टनने त्याला सर्वांत आधी निवडले. यातला उपरोध असा, की या संघाचे मालक जॉर्ज प्रेस्टन मार्शल यांनी तोवर एकाही कृष्णवर्णीयाला संघात घेतले नव्हते. सरकारी जमिनीवरील स्टेडियम हातचे जाण्याची वेळ आली तेव्हा कुठे त्यांचा हट्ट सुटला. डेव्हिसच्या बदल्यात बॉबी मिचेल वॉशिंग्टनला गेला आणि डेव्हिस क्लीव्हलँड ब्राऊन्समध्ये, म्हणजे जिम ब्राऊनच्या शेजारी दाखल झाला.

१९६२ च्या उन्हाळ्यात एका प्रदर्शनीय सामन्याच्या सरावासाठी तो शिकागोजवळ होता. मान सुजली म्हणून रुग्णालयात दाखल केले आणि रक्ताचा कर्करोग असल्याचे निष्पन्न झाले. आपल्याला नेमके काय झाले आहे हे त्याला स्वतःला कळले ते थेट ऑक्टोबरात. मधल्या काळात रोग काहीसा आटोक्यात आला, तेव्हा त्याला खेळू द्यावे असे क्लीव्हलँडचे मालक आर्ट मोडेल यांचे मत होते. प्रशिक्षक पॉल ब्राऊन यांनी ठाम नकार दिला. दोघांमधील बेबनाव त्यामुळे वाढला. ऑगस्टमध्ये मोसमपूर्व सामन्याच्या वेळी स्टेडियममधील प्रकाशझोतात डेव्हिस एकटाच मैदानावर धावत आला, प्रेक्षकांनी उभे राहून स्वागत केले. ब्राऊन्सचा खेळाडू म्हणून त्या मैदानावर त्याने टाकलेली पावले ती तेवढीच. संघाने त्याचा ४५ हा क्रमांक पुढे कायमचा निवृत्त केला. त्या क्रमांकाने डेव्हिस एकही सामना खेळला नव्हता.

मार्च १९६३ मध्ये त्याच्या नावाने एका नियतकालिकात लेख प्रसिद्ध झाला. त्यात स्वतःला दुर्दैवी म्हणवून घेण्यास त्याने नकार दिला होता. १८ मे १९६३ रोजी क्लीव्हलँडच्या रुग्णालयात त्याने अखेरचा श्वास घेतला. वय २३. एल्मायरात त्याच्या अंत्यदर्शनासाठी दहा हजारांहून अधिक लोक आले, केनेडी यांचा शोकसंदेश आला. ज्या वुडलॉन दफनभूमीत मार्क ट्वेन विसावला आहे, तेथेच एर्नीलाही मूठमाती देण्यात आली.

आजारी असतानाच त्याने फ्लॉईड लिटल नावाच्या एका तरुण खेळाडूची गाठ घेऊन सिराक्यूजला येण्याचा आग्रह केला होता. लिटलचे मन द्विधा होते. डेव्हिस गेल्याची बातमी आली आणि त्याने श्वार्ट्झवॉल्डर यांना होकार कळविला. विद्यापीठात त्याला मिळालेल्या जर्सीचा क्रमांक होता ४४.