चार्ल्स अल्कॉक
चार्ल्स विल्यम अल्कॉक (२ डिसेंबर, १८४२:संडरलंड, इंग्लंड – २६ फेब्रुवारी, १९०७:ब्रायटन, इंग्लंड) हे इंग्लिश फुटबॉल खेळाडू, क्रीडासंघटक आणि लेखक होते. त्यांचे शिक्षण हॅरो येथे झाले. १८७० ते १८९५ या काळात ते फुटबॉल असोसिएशनचे सचिव होते.

हॅरो शाळेतील बाद पद्धतीच्या स्पर्धेच्या धर्तीवर त्यांनी १८७१ मध्ये एफए चषकाची कल्पना मांडली. १८७२ च्या पहिल्या अंतिम सामन्यात त्यांच्या नेतृत्वाखालील वाँडरर्स संघाने रॉयल इंजिनियर्सचा १-० असा पराभव केला.

इंग्लंडमध्ये ठिकठिकाणी वेगवेगळ्या नियमांनी फुटबॉल खेळला जात असताना, १८६८ पासून त्यांनी ‘फुटबॉल ॲन्युअल’ या वार्षिकाचे संपादन केले. ‘फुटबॉल: अवर विंटर गेम’ हे त्यांचे पुस्तक १८७४ मध्ये प्रसिद्ध झाले. या खेळाच्या आरंभकाळाच्या अभ्यासासाठी हे लेखन महत्त्वाचे मानले जाते.

खेळाडूंना मोबदला देण्याच्या प्रश्नावरून १८८४ मध्ये असोसिएशन फुटण्याच्या बेतात होती. स्वतः हौशी खेळाडू असूनही अल्कॉक यांनी व्यावसायिक खेळाडूंची बाजू घेतली. १८८५ मध्ये व्यावसायिकतेला मान्यता मिळाली आणि कामगारवर्गातील खेळाडूंना फुटबॉलवर उघडपणे उपजीविका करणे शक्य झाले.