चिनी महालातला कैदी

गारखेड्याहून निघून क्रांती चौक, नगर नाका, मिटमिटा मागे टाकले की थोड्याच वेळात देवगिरीचा डोंगर दिसू लागतो. सुटीच्या दिवशी दौलताबादच्या किल्ल्यात पाय ठेवायला जागा नसते. लोक चांदमिनार पाहतात, मेंढा तोफेशी फोटो काढतात, अंधारीतून ओरडत वर जातात. वाटेत निळ्या-पांढऱ्या फरशांच्या खुणा अंगावर राहिलेली एक पडकी इमारत लागते. तो चिनी महाल. तिथे फार कोणी थांबत नाही. गोवळकोंड्याचा शेवटचा सुलतान अबुल हसन कुतुबशाह याने आयुष्याची शेवटची बारा-तेरा वर्षे इथे कैदेत काढली.

लोक त्याला तानाशाह म्हणत. निवडणुका आल्या की भाषणांतून ऐकू येणारी ‘तानाशाही’ ती हीच, असे मानले जाते. तसे असेल तर हा माणसावर मोठाच अन्याय आहे. हे नाव त्याला त्याच्या पीरांनी, हैदराबादच्या शाह राजूंनी लाडाने दिले होते, आणि त्यात जुलमाचा वासही नव्हता.

अबुल हसन कुतुबशाही घराण्याच्या नात्यातला, पण तरुणपण गेले ते शाह राजूंच्या खानकाहमध्ये, फकिरांच्या पंगतीत. सुलतान अब्दुल्ला कुतुबशाहला मुलगा नव्हता, तीन मुली होत्या. सांगतात की, धाकटीचे लग्न दुसऱ्याच एका सय्यदाशी ठरले होते. थोरल्या जावयाचे त्याच्याशी पटेना. हे लग्न झाले तर आपण राज्य सोडून जाऊ, अशी धमकी त्याने दिली. मुहूर्त तोंडावर आलेला. शेवटी दरबारी माणसे खानकाहमध्ये गेली आणि अबुल हसनला उठवून घेऊन आली. न्हाऊमाखू घालून त्याला घोड्यावर बसवले. सकाळी फकिराचा मुरीद असलेला माणूस संध्याकाळी सुलतानाचा जावई झाला होता.

१६७२ मध्ये अब्दुल्ला गेला, तेव्हा गादीसाठी दोन जावई समोरासमोर आले. अबुल हसनच्या बाजूने सय्यद मुजफ्फर हा सरदार उभा राहिला आणि त्याच्या दिमतीला मादण्णा नावाचा हुशार ब्राह्मण कारभारी. पुढे मुजफ्फर राजालाच जुमानीसा झाला, तेव्हा त्याला बाजूला सारून १६७४ च्या सुमारास राज्याचा कारभार मादण्णाच्या हाती आला. सोबत भाऊ आकण्णा. खानकाहमध्ये वाढलेला शिया घराण्याचा सुलतान आणि हणमकोंड्याचे हे दोघे ब्राह्मण बंधू, असे ते राज्य होते. १६७७ मध्ये छत्रपती शिवाजी महाराज दक्षिण दिग्विजयाला निघाले, तेव्हा महिनाभर हैदराबादला राहिले. ही भेट मादण्णाने जुळवली होती. महाराजांच्या कर्नाटक मोहिमेला पैसा आणि तोफखाना कुतुबशाहीने पुरवला. आकण्णाचा भाचा गोपण्णा, म्हणजे भद्राचलमचा रामदास. सरकारी वसुलातून राममंदिर बांधले म्हणून तो तुरुंगात पडला. पुढे तानाशाहनेच त्याला सोडले आणि रामनवमीच्या विवाहसोहळ्याला मोती पाठवण्याची प्रथा सुरू केली, असे आंध्र-तेलंगणात घरोघरी सांगतात. मोती आजही सरकारतर्फे जातात.

मादण्णाने वर आणलेल्या माणसांत मीर मुहम्मद इब्राहिम हा इराणी होता. मादण्णाने त्याला सेनापती केले. १६८५ मध्ये औरंगजेबाचा मुलगा शाह आलम गोवळकोंड्यावर चालून आला, तेव्हा त्याला मलखेडजवळ अडवून ठेवण्याची जबाबदारी याच इब्राहिमवर होती. काही आठवडे त्याने अडवलेही. मग एक दिवस तो मोगलांना जाऊन मिळाला. तिकडे त्याला महाबतखान हा किताब मिळाला.

बातमी हैदराबादला पोचली तेव्हा शहरात हाहाकार उडाला. राजाने रातोरात गोवळकोंडा गाठला आणि मागे शहर लुटले गेले. हैदराबादची वस्ती रस्त्यावर आली ती शत्रूच्या पराक्रमाने कमी, घरच्या माणसाने पाठ फिरवल्याने जास्त. तह झाला, त्यात कोटीच्या घरात खंडणी होती आणि मादण्णा-आकण्णांना कारभारातून काढण्याचे कलम होते. हे कलम राजा महिनोनमहिने टाळत राहिला. पण दरबारात, आणि त्याहून जास्त जनानखान्यात, सगळ्या संकटाचे खापर या दोन भावांवर फुटत होते. मार्च १६८६ मध्ये एका रात्री राजाकडून घरी परतताना दोघांना गोवळकोंड्याच्या रस्त्यात कापले गेले. मादण्णाचे शीर औरंगजेबाकडे पाठवण्यात आले.

तानाशाहला दग्याचा बळी म्हणताना ही रात्र विसरता येत नाही. ज्याच्यामुळे गादी मिळाली आणि चौदा वर्षे राज्य चालले, त्या मित्राला त्याने काढून टाकले नाही हे खरे, पण आपल्याच किल्ल्यात त्याला वाचवताही आले नाही. मित्राचे शीर देऊन शांतता विकत मिळेल, असे ज्यांना वाटले होते, त्यांचा हिशेब वर्षभरातच चुकला.

१६८७ च्या सुरुवातीला औरंगजेब स्वतः गोवळकोंड्यापुढे येऊन बसला. वेढा आठ महिने चालला. मोगलांच्या छावणीतही विश्वास कुठे उरला होता! शाह आलम आतून तानाशाहशी पत्रव्यवहार करतो, या संशयावरून बादशाहने पोटच्या मुलाला कैद केले. सात-आठ वर्षे तो कैदेत राहिला. आदल्या सालच्या अवर्षणाने धान्य संपलेले, मग पावसाळा आणि रोगराई. जुलै-ऑगस्टमध्ये रमजान आला तेव्हा तटाच्या दोन्ही बाजूंना रोजेदार होते. एकाच चंद्रावर रोजा धरणारे आणि सोडणारे, दिवसभर एकमेकांवर तोफा डागणारे. त्यात किल्ल्याची कोठारे भरलेली आणि बाहेरच्या छावणीत उपासमार. त्याआधी गोवळकोंडेकरांनी छापा घालून काही मोगल सरदार पकडले होते. तानाशाहने त्यांना मानाची वस्त्रे दिली, धान्याची कोठारे दाखवली आणि छावणीला धान्य पुरवण्याचा निरोप देऊन परत पाठवले. बादशाहने ते नाकारले. हात बांधून शरण ये, एवढेच उत्तर आले.

सुरुंग फुटले ते मोगलांच्याच अंगावर. तटाला भगदाड पडेना. तेव्हा थैल्या सुटल्या. एकेक सरदार रात्री दोर सोडून उतरू लागला. शेवटी आत नाव घेण्यासारखे दोघेच उरले. एक अब्दुल्लाखान पनी नावाचा पठाण आणि दुसरा अब्दुर्रज्जाक लारी. पनी आधी विजापूरकरांकडे होता, मग मोगलांकडे, तिथून तानाशाहकडे आला. परक्याला जवळ करून भरवशाची जागा द्यावी हा तानाशाहचा स्वभावच. लारीलाही बादशाहचे पत्र आले होते, मोठ्या मनसबीचे. त्याने ते बुरुजावर शिपायांना दाखवून फाडून टाकले आणि करबलाच्या मैदानात इमाम हुसैन यांच्यासोबत उभे राहिलेल्यांच्या रांगेत आपल्याला उभे राहायचे आहे, असे कळवले.

सप्टेंबरअखेरच्या एका पहाटे, तिसऱ्या प्रहरी, पनीच्या ताब्यातला छोटा दरवाजा उघडा राहिला. आठ महिने दारूगोळ्याने जे झाले नाही ते एका कडीने केले. मोगल आत शिरले, त्यांनी मोठा दरवाजा उघडला. लारी घोड्यावर खोगीर घालायलाही न थांबता डझनभर माणसांनिशी त्या लोंढ्यात घुसला. दुसऱ्या दिवशी तो एका नारळाच्या झाडाखाली बेशुद्ध सापडला, अंगावर सत्तरच्या आसपास जखमा. औरंगजेबाने त्याच्यासाठी हकीम धाडले. तो वाचला. तानाशाहचे मीठ खाल्लेल्या माणसाने दुसऱ्याची चाकरी करायची नसते, असे सांगून त्याने बादशाहची पहिली विनंती परत केली. खूप उशिरा, सगळे संपल्यावर, त्याने मोगलांची नोकरी पत्करली. पण तेव्हा उघडायला कुठला दरवाजा उरला नव्हता.

गलका कानी आला तेव्हा तानाशाहला काय झाले ते समजले. तो जनान्यात गेला, बायकामुलांची समजूत घातली, चुकलेमाकलेले माफ करा म्हणून निरोप घेतला आणि दिवाणखान्यात येऊन बसला. न्याहारीची वेळ झाली तसे जेवण मागवले. मोगल सरदार रुहुल्लाखान आत आला, तर यानेच आधी सलाम केला आणि त्याला दस्तरखानावर बसायला सांगितले. अशा वेळी घास कसा उतरतो, असे कोणीतरी विचारलेच. आपली जेवायची हीच वेळ आहे, आणि ज्याने फकिरी दिली, मग बादशाही दिली, त्याच अल्लाहने आता हे दिले आहे, अशा अर्थाचे तो बोलला. पनीबद्दल तो काही बोलल्याची नोंद नाही. मग गळ्यात मोत्यांची माळ घालून घोड्यावर बसला आणि शाहजादा आजमपुढे गेल्यावर ती माळ काढून त्याला नजर केली.

दौलताबादला त्याला वर्षाला पन्नास हजार रुपयांची नेमणूक होती. राज्याच्या मानाने ती काहीच नव्हती, खानकाहच्या मानाने फार होती. कोणत्या हिशेबाने तो तिच्याकडे पाहत असेल, याचा अंदाज त्या न्याहारीवरून बांधता येतो.

सतरावे शतक संपता संपता तो वारला. त्याला खुलताबादला नेले आणि सय्यद राजू कत्ताल यांच्या दर्ग्यात दफन केले. हे राजू कत्ताल म्हणजे गुलबर्ग्याच्या ख्वाजा बंदानवाजांचे वडील, आणि तानाशाहचे हैदराबादचे पीर शाह राजू हे बंदानवाजांच्याच घराण्यातले. म्हणजे अबुल हसनला लग्नाच्या घोड्यावर बसवण्यासाठी ज्या उंबऱ्यातून उठवून नेले होते, त्याच घराण्याच्या उंबऱ्याशी तो परत आला.

खुलताबादला जाणारे बहुतेक लोक औरंगजेबाच्या कबरीचा रस्ता विचारतात. ती हजरत जैनुद्दीन शिराजींच्या दर्ग्यात आहे, त्याच गावात. गोवळकोंडा जिंकणारा बादशाह तिथे पोचला तो आपल्या कैद्याच्या मागून, १७०७ मध्ये.