अर्थशास्त्रज्ञ बाबासाहेब : भांडवल, योजना आणि मुळशीचे पाणी



बोधिसत्त्व डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचे नाव घेताच आपल्या डोळ्यांपुढे महाडचे चवदार तळे येते, भारताचे संविधान येते, नागपूरची दीक्षाभूमी येते. परंतु त्यांच्या पदव्यांची यादी एकदा सावकाश वाचा. बॅरिस्टरीची सनद बाजूला ठेवली तर परदेशात मिळविलेल्या त्यांच्या सगळ्या मोठ्या पदव्या अर्थशास्त्राच्या आहेत. अस्पृश्यतेचे चटके सोसलेल्या या माणसाने पैसा, कर, जमीन आणि कारखाने यांच्या अभ्यासासाठी आयुष्याची इतकी वर्षे का घातली असतील? याचे उत्तर त्यांच्या जीवनातच आहे. ते जीवन आज या एका बाजूने आपणांपुढे ठेवावयाचे आहे. त्यासाठी मधूनमधून आपल्याच पुणे जिल्ह्यातील मुळशीकडेही पाहावे लागेल. भांडवलशाही कशी चालते आणि सरकारी योजना कशी चालते, हे ज्याला डोळ्यांनी पाहावयाचे असेल त्याने मुळशीच्या पाण्यापाशी जावे.

जमिनीवर रिकामे हात

भीमरावांचा जन्म १४ एप्रिल १८९१ रोजी महू येथे झाला. वडील रामजी सुभेदार लष्करी शाळेत शिक्षक होते. १९१२ साली ते मुंबईच्या एल्फिन्स्टन कॉलेजातून बी. ए. झाले. विषय होते अर्थशास्त्र आणि राज्यशास्त्र. १९१३ साली बडोद्याच्या सयाजीराव महाराजांच्या शिष्यवृत्तीवर ते न्यूयॉर्कच्या कोलंबिया विद्यापीठात गेले. तेथे प्राध्यापक सेलिग्मन यांच्यासारखा करशास्त्राचा जाणकार गुरू त्यांना लाभला. ईस्ट इंडिया कंपनीचा कारभार आणि तिचा जमाखर्च यांवर त्यांनी १९१५ साली प्रबंध लिहिला. एक व्यापारी कंपनी राज्य करू लागली म्हणजे रयतेचे काय होते, याचा हिशेब त्यांनी वयाच्या चोविसाव्या वर्षी मांडला होता.

१९१६ साली ते लंडनला गेले. शिष्यवृत्तीची मुदत संपल्यामुळे अभ्यास अर्धवट टाकून १९१७ साली त्यांना परतावे लागले. बडोद्याच्या कचेरीत व राहण्याच्या जागेत झालेली विटंबना आपणांस ठाऊक आहेच. १९१८ साली ते मुंबईच्या सिडनहॅम कॉलेजात अर्थशास्त्राचे प्राध्यापक झाले आणि त्याच वर्षी भारतातील लहान शेतांच्या प्रश्नावर त्यांनी एक निबंध प्रसिद्ध केला.

तो निबंध समजून घ्या, कारण पुढचे सारे त्यात बीजरूपाने आहे. त्या काळचे पंडित म्हणत की शेताचे तुकडे फार लहान झाले म्हणून शेतकरी दरिद्री आहे. तुकडे जोडा, प्रश्न सुटेल. बाबासाहेबांनी विचारले, लहान म्हणजे कशाच्या मानाने लहान? बैल, अवजारे, खत आणि पैसा हाताशी असेल तर थोडी जमीनही पुरते. ही साधने नसतील तर मोठे शेतही तोट्यात जाते. खरा रोग असा की कमी जमिनीवर फार माणसे बसलेली आहेत आणि त्यांतले कित्येक हात रिकामे आहेत. या हातांना उद्योगधंद्यांत काम मिळाले पाहिजे. म्हणजे शेतीवरचा भार उतरेल आणि शेतीत भांडवल येईल. खेड्याची आरती ओवाळण्याच्या त्या काळात हा तरुण प्राध्यापक कारखाना मागत होता. खेडे आपल्या माणसांना काय देते, हे त्याने जन्मापासून पाहिले होते.

१९२१ : दोन देश, एकच वीज

जुलै १९२० मध्ये बाबासाहेब अपुरा अभ्यास पुरा करण्यासाठी पुन्हा लंडनला गेले. ते तेथे ग्रंथालयात बसून लिहीत होते त्याच दिवसांत जगात दोन ठिकाणी विजेवरून मोठ्या घडामोडी चालल्या होत्या. रशियात डिसेंबर १९२० मध्ये क्रांतिकारी सरकारने साऱ्या देशाच्या विद्युतीकरणाची योजना मंजूर केली आणि फेब्रुवारी १९२१ मध्ये सरकारी नियोजन मंडळ स्थापले. देशात काय, किती आणि कोठे निर्माण व्हावे हे बाजाराऐवजी सरकारच्या कचेरीने ठरवावयाचे, या पद्धतीची ती सुरुवात होती.

दुसरी घडामोड आपल्या सह्याद्रीत होत होती. टाटांची वीज कंपनी मुळा आणि निळा या नद्यांच्या संगमाजवळ धरण बांधत होती. पूर्वेला वाहणारे पाणी अडवावयाचे, डोंगरातून बोगद्याने पश्चिमेला न्यावयाचे, घाटाखाली भिऱ्याला वीज करावयाची आणि ती मुंबईच्या उद्योगांना पुरवावयाची, असा बेत होता. त्यासाठी मुळशी पेट्यातील बावन्न गावांवर पाणी येणार होते. १६ एप्रिल १९२१ रोजी, रामनवमीच्या दिवशी, बाराशे मावळे धरणाच्या कामावर जाऊन बसले. सेनापती बापट आणि विनायकराव भुस्कुटे यांनी पुढे हा लढा चालविला. बापट तुरुंगात गेले, मावळे गेले, बायाबापड्याही गेल्या. परंतु धरण थांबले नाही. १९२७ साली भिऱ्याची वीज सुरू झाली.

वाचकहो, येथे एक गोष्ट नीट ध्यानात घ्या. जमीन कंपनीने बाजारात जाऊन राजीखुशीने विकत घेतली नव्हती. सरकारने १८९४ चा भूसंपादन कायदा कंपनीसाठी वापरला. भांडवलशाही म्हणजे सरकारचा हात नसलेला खुला व्यवहार, असे पुस्तकात लिहिलेले असते. मुळशीत सरकारचा हात होता आणि तो मालकाच्या बाजूने होता. शिवाय मोबदला मिळावयाचा तो कागदावर हक्क असलेल्याला. अनेक जमिनी पुण्याच्या सावकारांच्या नावावर होत्या. त्यांतल्या पुष्कळांनी मोबदला पत्करला, आणि कसणारे कूळ व सावकार यांच्यात फूट पडून लढा खिळखिळा झाला. ज्याच्याजवळ कागदही नव्हता, नुसते हात होते, त्या भूमिहीनाला त्या कायद्यात मोजलेच गेले नव्हते. गावकुसाबाहेरचा बहुतेक माणूस याच रकान्यात बसत होता.

रुपया, गिरणी आणि खोत

बाबासाहेब १९२१ साली एम. एस्सी. झाले, एप्रिल १९२३ मध्ये मायदेशी आले आणि त्याच वर्षी रुपयाच्या प्रश्नावरील ग्रंथाबद्दल लंडनने त्यांना डी. एस्सी. दिली. हा ग्रंथ रूक्ष वाटतो, पण त्याचा गाभा सोपा आहे. चलन किती काढावे हे अधिकाऱ्याच्या मर्जीवर सोडले तर तो ते वाढवीत जातो, भाव चढतात, व्यापाऱ्याचे फावते. मजुराची मजुरी मात्र भावांच्या मागे रखडते. म्हणून चलनाला कायद्याने मर्यादा घाला. १९२५ साली हिल्टन यंग कमिशनपुढेही त्यांनी गरिबांच्या बाजूने भावांच्या स्थिरतेचा आग्रह धरला. सत्ता कोणाचीही असो, तिला दोरी बांधा, हे त्यांच्या अर्थशास्त्राचे सूत्र येथे प्रथम ठळक होते.

आता मुंबईच्या गिरणीत चला. घाटावरच्या पाण्याच्या विजेवर यंत्रे फिरत होती. पण त्या गिरणीत चांगल्या मजुरीच्या विणकाम खात्यात अस्पृश्याला प्रवेश नव्हता. तुटलेला धागा तोंडाने ओला करून जोडावा लागे, आणि अस्पृश्याच्या तोंडचा धागा सवर्ण कामगाराला विटाळ करी. यंत्र विलायतेचे, वीज नवी, भांडवल नवे, पण विटाळ जुनाच! १९२८ च्या गिरणी संपात बाबासाहेबांनी हा प्रश्न कामगार पुढाऱ्यांच्या तोंडावर मांडला. कारखाना आला म्हणजे जात आपोआप जाईल, हा भ्रम त्यांनी कधीच बाळगला नाही. फेब्रुवारी १९३८ मध्ये मनमाडच्या रेल्वे कामगार परिषदेत त्यांनी ब्राह्मणशाही आणि भांडवलशाही या दोघींना कामगारांचे शत्रू ठरविले ते याच अनुभवावरून.

१९३६ साली त्यांनी स्वतंत्र मजूर पक्ष काढला. १९३७ साली कोकणातील खोती नष्ट करण्याचे विधेयक आणले. १० जानेवारी १९३८ रोजी हजारो शेतकऱ्यांचा मोर्चा मुंबईच्या कौन्सिलवर नेला. संपाचा हक्क आवळणाऱ्या विधेयकाविरुद्ध ७ नोव्हेंबर १९३८ रोजी कम्युनिस्टांच्या सोबतीने एक दिवसाचा संप केला. मतभेद असलेल्यांशीही कामगाराच्या हितासाठी हात मिळविणारे बाबासाहेब येथे दिसतात.

मजूरमंत्री आणि धरणे

जुलै १९४२ ते जून १९४६ या काळात बाबासाहेब व्हाइसरॉयच्या मंडळात मजूरमंत्री होते. कामाचे तास आठवड्याला ५४ वरून ४८ वर आणणारा कायदा त्यांच्या खटपटीने आला. पाटबंधारे आणि वीज हे विषयही त्यांच्याच खात्याकडे होते, हे पुष्कळांना ठाऊक नसते. केंद्रीय जलमार्ग व पाटबंधारे आयोग त्यांच्याच काळात उभा राहिला. दामोदर खोऱ्याची योजना आणि ओरिसातील हिराकूडची योजना यांचा पाया त्यांच्या अध्यक्षतेखाली झालेल्या बैठकांत घातला गेला. स्वस्त आणि भरपूर विजेवाचून उद्योग नाही, उद्योगावाचून जमिनीवरच्या रिकाम्या हातांची सुटका नाही, हा १९१८ चाच विचार येथे अमलात येत होता.

गंमत अशी की याच सुमारास, १९४४ साली, टाटा-बिर्लादी भांडवलदारांनीही पंधरा वर्षांची आणि दहा हजार कोटींची योजना प्रसिद्ध केली. सरकारने मोठा खर्च करून पाया घालावा, असे मालकच म्हणू लागले होते. म्हणजे योजना पाहिजे, यावर वाद उरला नव्हता. योजना कोणाच्या हाती आणि कोणासाठी, एवढाच वाद होता.

येथे एक कठीण प्रश्न आहे आणि बाबासाहेबांच्या अनुयायांनी त्याला बगल देऊ नये. हिराकूडच्या पाण्याखाली एक लाखाहून अधिक माणसांची घरेदारे गेली. दामोदर खोऱ्यात आदिवासींची गावे गेली. आपल्या कोयनेच्या धरणग्रस्तांची फरफट कित्येक दशके चालली. ही कामे कंपनीची नव्हती, सरकारी योजनेची होती. तरी कायदा तोच १८९४ चा होता आणि विस्थापित माणूसही तोच होता. मालक बदलला म्हणून बुडणाऱ्याचे दुःख बदलत नाही.

संविधानाची दोरी

म्हणूनच बाबासाहेबांचे १९४७ चे निवेदन महत्त्वाचे आहे. शेड्यूल्ड कास्ट्स फेडरेशनच्या वतीने तयार केलेले हे निवेदन 'स्टेट्स अँड मायनॉरिटीज' या नावाने प्रसिद्ध आहे. त्यात त्यांनी मागणी केली की मूलभूत उद्योग राज्याच्या मालकीचे असावेत, विमा राज्याचा असावा आणि शेती हा राज्याचा उद्योग असावा. जमीनधारकांना रोख्यांच्या रूपाने मोबदला द्यावा. गावातील लोकांना जातिधर्माचा भेद न करता जमीन सामुदायिक रीतीने कसावयास द्यावी. पाणी, बैल, अवजारे, खत, बियाणे राज्याने पुरवावे. जमीनदार नाही, कूळ नाही आणि भूमिहीन मजूरही नाही, अशी ती मांडणी होती. मुळशीत जो माणूस कोणत्याच रकान्यात नव्हता, तो येथे पहिल्या रकान्यात आला.

मग हे आणि रशियातले एकच काय? नाही. रशियात १९२९ पासून शेतीचे सामुदायिकीकरण बळजबरीने झाले आणि १९३२-३३ च्या दुष्काळात लाखो माणसे भुकेने मेली. त्या सरकारला जाब विचारणारे कोणी उरले नव्हते. बाबासाहेबांची मागणी अशी की ही अर्थव्यवस्था संविधानातच लिहावी. म्हणजे बहुमतवाल्यांना ती मोडता येणार नाही, आणि मतदान, न्यायालय व व्यक्तीचे हक्क कायम राहिल्यामुळे हुकूमशहालाही ती बळकावता येणार नाही. रुपयाला घातलेली तीच दोरी आता त्यांना साऱ्या अर्थव्यवस्थेला घालावयाची होती. ही मागणी मान्य झाली नाही. संपत्तीचे केंद्रीकरण होऊ नये, इतका आशय मार्गदर्शक तत्त्वांत उरला, आणि त्या तत्त्वांसाठी न्यायालयात दाद मागता येत नाही.

शेवटचा हिशेब

१४ ऑक्टोबर १९५६ रोजी दीक्षा घेतल्यानंतर अवघ्या पाच आठवड्यांनी, २० नोव्हेंबरला, बाबासाहेब काठमांडूच्या जागतिक बौद्ध परिषदेत बुद्ध आणि मार्क्स यांवर बोलले. दारिद्र्य व शोषण हे दुःख आहे आणि खाजगी मालकी त्याचे एक मूळ आहे, येथपर्यंत दोघांची वाट त्यांना एकच दिसली. भिक्खूने जवळ काय ठेवावे याचे नियम बुद्धाने घालून दिले होते, याकडे त्यांनी लक्ष वेधले. फरक मार्गाचा होता. बळजबरीने आणलेली समता बळ ओसरताच टिकत नाही. मन बदलून, शीलाने आणलेली समता टिकते. समतेसाठी स्वातंत्र्य आणि बंधुता यांचा बळी देण्यास ते तयार नव्हते. त्यानंतर सोळाच दिवसांनी, ६ डिसेंबर १९५६ रोजी, त्यांचे महापरिनिर्वाण झाले.

पुढे काय झाले ते आपण पाहिले आहे. १९९१ साली, बाबासाहेबांच्या जन्मशताब्दीच्याच वर्षी, सोव्हिएत संघ विसर्जित झाला आणि भारताने आपली अर्थव्यवस्था खाजगी भांडवलाला खुली केली. मुळशी तालुक्यात हिंजवडीचे संगणक उद्योग उभे राहिले, लवासाचे गिरिस्थान उभे राहिले. १८९४ चा कायदा १ जानेवारी २०१४ पासून गेला. नव्या कायद्यात खाजगी कंपनीसाठी जमीन घेताना ऐंशी टक्के बाधित कुटुंबांची संमती लागते, आणि त्या जमिनीवर मजुरी करून पोट भरणारा भूमिहीनही बाधित म्हणून मोजला जातो. ज्याला मोजायला कायद्याला एकशेवीस वर्षे लागली, त्याच्यासाठी बाबासाहेबांनी १९४७ सालीच जागा करून ठेवली होती.

तेव्हा बंधूंनो, कोणी तुम्हांस म्हणेल बाजार सारे ठीक करील, कोणी म्हणेल सरकार सारे ठीक करील. दोघांनाही तीन प्रश्न विचारा. मालकी कोणाची? ज्याचे घर जाणार त्याला विचारले काय? आणि ज्याच्या नावावर सातबारा नाही त्याला काय मिळणार? आपल्या विहारात वर्षावासात धम्मग्रंथाचे वाचन होते, ते होत राहो. त्याच्या जोडीला एक संध्याकाळ त्या १९४७ च्या निवेदनासाठी ठेवा. गावात प्रकल्पाची नोटीस लागेल त्या दिवशी, तिच्यात भूमिहीनांची नावे आहेत की नाहीत हे तपासणारा माणूस आपल्यातूनच उभा राहिला पाहिजे.

जयभीम!