गव्हाच्या पिशवीवरची अक्षरे आणि आघारकर

गव्हाच्या बियाण्याच्या पिशवीवर ‘एमएसीएस’ ही अक्षरे आणि पुढे आकडा तुम्ही वाचला असेल. ही अक्षरे पुण्याच्या महाराष्ट्र विज्ञानवर्धिनी या संस्थेची. ती उभी करणारा माणूस म्हणजे शंकर पुरुषोत्तम आघारकर. समाजसुधारक आगरकर वेगळे, हे आघारकर वेगळे. नावात गल्लत करू नका.

त्यांचा जन्म 1884 साली मालवणचा. शिक्षण मुंबईत झाले, विषय वनस्पतीशास्त्र. तरुणपणी सह्याद्रीच्या नद्या पालथ्या घालताना त्यांना गोड्या पाण्यातला जेलीफिश सापडला आणि त्यांचे नाव झाले. कलकत्ता विद्यापीठाने प्राध्यापक नेमून त्यांना जर्मनीला धाडले. तिथे 1914 चे महायुद्ध पेटले आणि ब्रिटिश प्रजाजन म्हणून ते अडकून पडले. तरी हिंमत सोडली नाही. बर्लिनची डॉक्टरेट घेऊनच ते परतले. पुढे कलकत्त्यात अनेक वर्षे शिकवून 1946 साली निवृत्त झाले. आता आराम करायचा, तर गडी पुण्यात आला आणि विज्ञानवर्धिनीचा संस्थापक संचालक झाला. 1960 साली वारले तोवर संस्थेचीच काळजी वाहिली. 1992 साली संस्थेला त्यांचे नाव मिळाले.

गव्हाची वाणं त्यांच्या पश्चात आली. लावणाऱ्याला फळ दिसले नाही, पण आपल्याला दिसते आहे. तेव्हा ती वाणं नीट ओळखा, कारण गहू सगळा एक नव्हे.

पहिला सरबती. याच्या पिठाला चीक चांगला, कणीक ताणली जाते, हवा धरते. पाव फुगतो तो यामुळे. पोळीही मऊ होते. एमएसीएस 6222 आणि 6478 या जातीचे. दुसरा बन्सी. दाणा टणक, काचेसारखा. रवा, शेवया, कुरडया याच्याच. पाव मात्र म्हणावा तसा फुगत नाही. एमएसीएस 4028 हा बन्सी कोरडवाहूसाठी काढला. त्यात प्रथिने, लोह, जस्त भरपूर. तिसरा खपली. मळणीनंतरही टरफल सुटत नाही, सडावे लागते. खीर आणि पुरणपोळीला नामी, पण चीक कमकुवत, म्हणून पाव बसका होतो. एमएसीएस 2971 हा खपलीचा बुटका वाण, म्हणून लोळत नाही.

दिघी, भोसरी, चाकण पट्ट्यात रानाच्या जागी कारखाने आले. कामगार वस्तीत बेकऱ्याही आल्या. बेकरीवाल्याला सरबती हवा, शेवयावाल्याला बन्सी. खळ्यावर तिन्ही एका ढिगात टाकलेत तर गिऱ्हाईक कोणाचेच नाही आणि भावही मातीमोल. म्हणून पेरणीआधी विचारा, माल कुणाला द्यायचा? मळणी वेगळी करा, पोत्यावर वाणाचे नाव लिहा. ग्रामपंचायत अधिकारी आणि सहायक कृषी अधिकाऱ्यांनीही बियाणे वाटताना एवढे सांगावे. आघारकरांच्या संस्थेची मेहनत तेव्हाच तुमच्या पदरात पडेल.