सातवा निजाम : आपल्या आजोबांना मत नाकारणारा राजा

आजच्या जालना जिल्ह्याचा बराचसा भाग निजामाच्या काळात औरंगाबाद जिल्ह्यात होता. आपल्या आजोबा-पणजोबांचा राजा म्हणजे मीर उस्मान अली खान. जन्म १८८६, गादीवर आला १९११ ला. जगातल्या सर्वांत श्रीमंतांत त्याची गणना व्हायची. १९१८ ला उर्दू माध्यमाचे उस्मानिया विद्यापीठ काढले, हे काम मोठेच. पण राज्य फर्मानावर चालायचे. मोठा मुलूख त्याच्या खासगी सर्फ-ए-खासमध्ये आणि जहागीरदारांकडे. गावातली वेठबिगार आपल्या माणसांच्या वाट्याला. १९३८ ला त्याने स्टेट काँग्रेसवर बंदी घातली. प्रौढ मताधिकार शेवटपर्यंत दिला नाही.

१९४७ ला तो भारतात सामील झाला नाही, कासिम रझवीच्या रझाकारांना आवरलेही नाही. इथे आपलाही इतिहास गुंततो आणि तो झाकण्यात अर्थ नाही. बी. एस. व्यंकटराव निजामाच्या मंत्रिमंडळात गेले. औरंगाबादचे बी. श्यामसुंदर हैदराबादची बाजू मांडायला संयुक्त राष्ट्रांत गेले. सवर्णांच्या राज्याची भीती त्यामागे होती, ती खोटी नव्हती. बाबासाहेबांनी मात्र नोव्हेंबर १९४७ मध्येच निजामाची बाजू घेऊ नका, असे हैदराबादच्या अनुसूचित जातींना जाहीरपणे सांगितले. जे. एच. सुबय्या बाबासाहेबांसोबत राहिले.

१७ सप्टेंबर १९४८ ला निजाम शरण आला. शिक्षा कसली? १९५० ला भारत सरकारने त्यालाच राजप्रमुख केले. पहिल्या सार्वत्रिक निवडणुकीत मराठवाड्यातल्या भूमिहीन मजुराने मत टाकले, तेव्हाही राज्याच्या प्रमुखपदी तोच होता. राज्य पुनर्रचनेत, १ नोव्हेंबर १९५६ ला, नागपूरच्या धम्मदीक्षेनंतर अठरा दिवसांनी, ते पद संपले. निजाम वारला १९६७ मध्ये.