हिराबाई बडोदेकर : गायिका आणि नाटक कंपनीच्या मालकीण

मराठी संगीत रंगभूमीवर नायिका साकारण्याचा मान पुरुष नटांकडेच होता. अशा काळात, १९२० च्या दशकाच्या अखेरीस, एका तरुण गायिकेने स्वतःची नाटक कंपनी काढली. त्या म्हणजे हिराबाई बडोदेकर.

किराणा घराण्याचे उस्ताद अब्दुल करीम खाँ आणि ताराबाई माने यांच्या या कन्येचा जन्म १९०५ साली मिरजेत झाला. आई मुलांसह वेगळी झाल्यावर घराचा भार त्यांच्या गळ्यावर आला. तिकीट लावून जाहीर मैफली करणाऱ्या पहिल्या गायिकांत त्यांची गणना होते.

‘नूतन संगीत विद्यालया’च्या नाट्यशाखेत बंधू सुरेशबाबू, भगिनी कमलाबाई व सरस्वतीबाई सोबतीला होत्या. ‘सौभद्र’सारख्या नाटकांत स्त्रीभूमिका स्त्रियांनीच केल्या. पुढे बोलपट आला, प्रेक्षक ओसरला आणि डोईवर कर्ज ठेवून कंपनी बंद पडली. हिराबाईंनी गावोगाव गाऊन ते फेडले.

१९७० मध्ये त्यांना पद्मभूषण लाभले. १९८९ साली त्यांचे निधन झाले. कंपनी अल्पायुषी ठरली, परंतु कुलीन स्त्रीला रंगमंचाची वाट मोकळी करून गेली.