घरात मराठी, दरबारात मराठी, पण राज्यकारभार गुजरातीत! कवळाण्याच्या सयाजीरावांनी भाषेचा प्रश्न कसा सोडवला?

सटाण्याच्या शेजारचा तालुका म्हणजे मालेगाव. या तालुक्यात कवळाणे नावाचं गाव आहे. ११ मार्च १८६३ रोजी इथल्या काशीराव गायकवाडांच्या घरी एक मुलगा जन्मला, त्याचं नाव गोपाळ. घरची शेती होती. शिक्षण म्हणाल तर नावालाही नाही. बागलाण, कळवण, मालेगाव या पट्ट्यात घराघरांत बोलली जाते ती अहिराणी, आणि त्याच मुलखात या मुलाचं बालपण गेलं.

हाच गोपाळ पुढे बडोद्याचे महाराजा सयाजीराव गायकवाड तिसरे म्हणून ओळखला गेला. सक्तीचं मोफत शिक्षण, वाचनालयं, डॉ. आंबेडकरांना दिलेली शिष्यवृत्ती यांमुळे ते आपल्याला माहीत असतात. त्यांनी भाषेसाठी केलेल्या कामाबद्दल मात्र फार बोललं जात नाही.

कवळाण्यातून बडोद्याला

१८७५ मध्ये इंग्रजांनी बडोद्याचे राजे मल्हारराव गायकवाड यांना गादीवरून दूर केलं. आता वारस कोण? आधीचे राजे खंडेराव यांच्या विधवा पत्नी जमनाबाई यांना दत्तक घेण्याची परवानगी मिळाली आणि गायकवाड घराण्याच्या शाखांमध्ये मुलांचा शोध सुरू झाला. कवळाण्यातली मुलं बडोद्याला नेण्यात आली. त्यांतून १२ वर्षांच्या गोपाळची निवड झाली. २७ मे १८७५ रोजी दत्तकविधान झालं आणि गोपाळचे सयाजीराव झाले.

मग अभ्यास सुरू झाला. इंग्रज शिक्षक एलियट यांच्या देखरेखीखाली त्यांना मराठी, गुजराती, उर्दू आणि इंग्रजी या भाषा शिकवण्यात आल्या. अक्षरओळख नसलेल्या मुलाने चार भाषा एकदमच शिकायच्या, हे सोपं नव्हतं. २८ डिसेंबर १८८१ रोजी त्यांच्या हाती राज्याचे पूर्ण अधिकार आले.

राजा मराठी, प्रजा गुजराती

आता इथे खरा पेच होता. राजघराणं मराठी होतं. दरबारातले अनेक मानकरी आणि कामगार मराठी होते. जुनी दप्तरं मोठ्या प्रमाणावर मोडी लिपीत होती. पण बडोदा, कडी, नवसारी, अमरेली या प्रांतांतली बहुसंख्य रयत बोलायची गुजराती.

म्हणजे शेतकऱ्याला सारा भरायचा, दावा लावायचा किंवा तक्रार करायची तर त्याला दुसऱ्याच्या भाषेवर अवलंबून राहावं लागणार. मधल्या माणसाने सांगितलं तेच खरं मानायचं आणि त्याला वर पैसेही द्यायचे.

सयाजीरावांच्या काळात गुजराती ही कारभाराची आणि न्यायालयांची मुख्य भाषा म्हणून पक्की झाली. वरच्या पातळीवर इंग्रजी चालू राहिली, पण रयतेशी संबंध येणारा कारभार रयतेच्या भाषेत आला.

याला त्यांनी शिक्षणाची जोड दिली. १८९३ मध्ये अमरेली भागात सक्तीच्या प्राथमिक शिक्षणाचा प्रयोग सुरू झाला आणि १९०६ मध्ये तो सगळ्या राज्याला लागू झाला. कायदा लोकांच्या भाषेत छापला, पण लोकांना वाचताच येत नसेल, तर उपयोग काय? १९०४ मध्ये बालविवाहाविरुद्ध कायदा करणाऱ्या राज्याला हा प्रश्न टाळता येण्यासारखा नव्हता.

याचा अर्थ त्यांनी मराठीला वाऱ्यावर सोडलं असा नाही. त्यांच्या आश्रयाने मराठी आणि गुजराती अशा दोन्ही भाषांत ग्रंथमाला निघाल्या. बडोद्यात मराठी साहित्य संमेलनं भरली. १९३२ मध्ये कोल्हापूरच्या मराठी साहित्य संमेलनाचे अध्यक्ष खुद्द सयाजीरावच होते. मराठी संमेलनाचा अध्यक्ष गुजरातीत कारभार चालवतो, यात त्या काळी कुणाला विरोधाभास वाटला असेल. पण मायबोलीवर प्रेम करणं आणि प्रजेशी प्रजेच्या भाषेत बोलणं, या दोन्ही गोष्टी त्यांनी एकाच वेळी केल्या.

आठ भाषांचा कोश

भाषेला दर्जा दिला तरी एक अडचण उरतेच. इंग्रजीतल्या शेकडो सरकारी शब्दांना आपल्या भाषेत काय म्हणायचं? शिवाजी महाराजांनीही फारसी शब्दांना संस्कृत पर्याय देणारा राज्यव्यवहारकोश करून घेतला होता. सयाजीरावांनी त्याच वाटेने आणखी मोठं काम हाती घेतलं.

१९३१ मध्ये बडोद्यातून ‘श्रीसयाजीशासनशब्दकल्पतरु’ हा कोश प्रसिद्ध झाला. यात इंग्रजी प्रशासकीय शब्दांना गुजराती, मराठी, संस्कृत, उर्दू, फारसी, हिंदी आणि बंगाली या सात भाषांतले प्रतिशब्द दिले आहेत. राज्यकारभार गुजरातीत, पण शब्द शोधताना बंगालीपर्यंतच्या भाषांकडे पाहिलं गेलं.

६ फेब्रुवारी १९३९ रोजी सयाजीरावांचं निधन झालं. पुढे बडोदा संस्थान मुंबई राज्यात विलीन झालं आणि १९६० मध्ये तो भाग गुजरातमध्ये गेला. महाराष्ट्राने १९६४ च्या राजभाषा अधिनियमाने मराठीला राजभाषा केलं. त्याआधी १९६० मध्येच भाषा संचालनालय स्थापन झालं होतं आणि शब्द घडवण्याचं तेच काम नव्याने सुरू झालं.

हा प्रश्न आजही का महत्त्वाचा?

राज्याची भाषा ठरवताना रयत विसरली की काय होतं, हे आसामने पाहिलं. १९६० मध्ये तिथे असमिया राजभाषा झाली. बंगालीभाषक कछारमध्ये त्याविरुद्ध आंदोलन पेटलं. १९ मे १९६१ रोजी सिलचरमध्ये पोलिसांच्या गोळीबारात ११ जणांचा जीव गेला. त्यानंतर कायदा बदलून त्या भागात बंगालीला स्थान मिळालं. बोडो भाषेला राज्यघटनेच्या आठव्या अनुसूचीत यायला २००३ साल उजाडलं आणि आसामची सहयोगी राजभाषा व्हायला २०२०.

आता आपल्याकडे बघा. २०११ च्या जनगणनेत बोडो बोलणारे सुमारे १४ लाख ८० हजार होते. त्याच जनगणनेत ‘खान्देशी’ या नावाखाली, अहिराणीसह, १८ लाखांहून जास्त लोकांची नोंद आहे. पण आठव्या अनुसूचीतल्या २२ भाषांत ती नाही.

नुसत्या संख्येवर दर्जा मिळत नाही हे खरं. त्यासाठी लोकांचा रेटा लागतो, तसंच शाळा, पुस्तकं आणि कोशही लागतात. दर्जा मिळो न मिळो, तहसील कचेरीत आलेल्या आजीबाईंना कागदावर काय लिहिलंय ते त्यांच्या बोलीत समजावून सांगणं आजही शक्य आहे. त्यासाठी कुठल्या घटनादुरुस्तीची गरज नाही. रयतेला कळेल असा कारभार हवा, हे कवळाण्याच्या या मुलाने शंभर वर्षांपूर्वीच करून दाखवलं होतं.